तीन प्रती, एक चूक

टेंभू योजनेचे पाणी आल्यापासून कडेगाव तालुक्यात जमिनीला भाव आला, आणि जमिनीला भाव आला की तिच्या कागदालाही येतो. वाटणीत जो माळाचा तुकडा एकेकाळी कुणी आपणहून मागत नसे, त्याचा सातबारा आज बँकेला हवा, ठिबकच्या अनुदानाला हवा आणि भावाने भावावर घातलेल्या दाव्यालाही हवा. तो काढायला तलाठ्याच्या सज्जावर हेलपाटे घालण्याची गरज उरलेली नाही. (तलाठी हे पदनामही आता गेले, ‘ग्राम महसूल अधिकारी’ झाले; गावात मात्र अजून भाऊसाहेबच.) १ मे २०१८ पासून डिजिटल स्वाक्षरीचा सातबारा मिळू लागला. पंधरा रुपये भरले की बांधावर उभ्या उभ्या तो मोबाइलवर येतो. ही सोय मोठी आहे, आणि पुढे मी जे लिहिणार आहे ते तिच्याविरुद्ध नाही.

पण उतारा राहतो कुठे, हा प्रश्न विचारण्यासारखा आहे. कुठल्यातरी डेटा सेंटरमध्ये, फिरत्या चकत्यांच्या डिस्कवर. डिस्क बिघडली तर? संगणकाचा माणूस हसून सांगेल, ‘काळजी करू नका, तीन प्रती असतात.’ या उत्तराने आपण फार लवकर निर्धास्त होतो असे माझे म्हणणे आहे. गेल्या चाळीस वर्षांतले डिस्कवरचे संशोधन आणि आपल्याकडचा दफ्तरांचा इतिहास शेजारी शेजारी ठेवून वाचले, तर प्रतींची संख्या हा त्यातला सर्वांत सोपा भाग ठरतो. त्या प्रती कशाने मरतात, त्या कुणाच्या हातात असतात आणि त्यांच्यात फरक पडला तर काय करायचे, हे अवघड भाग आहेत.

१९८८ साली बर्कलीच्या कॅलिफोर्निया विद्यापीठातल्या डेव्हिड पॅटरसन, गार्थ गिब्सन आणि रँडी कॅट्झ या तिघांनी एक निबंध मांडला. त्या काळी मोठ्या संगणकाला एकच अवाढव्य, महागडी डिस्क असे. तिच्याऐवजी पीसीच्या स्वस्त, लहान डिस्का ओळीने जोडाव्यात, असा त्यांचा प्रस्ताव होता. वेग वाढेल, पैसे वाचतील, अडचण एकच. एक डिस्क सरासरी ३०,००० तास टिकते असे धरले, तर शंभर डिस्कांच्या संचात कुठली ना कुठली डिस्क दर ३०० तासांनी, म्हणजे दोन आठवड्यांच्या आतच, जाणार. स्वस्ताई अशी अंगाशी येऊ नये म्हणून त्यांनी संचात थोड्या जादा डिस्का ठेवायला सांगितले. या मांडणीचे नाव ‘रेड’. आज बँकेपासून सीसीटीव्हीच्या पेटीपर्यंत ती सगळीकडे आहे.

जादा डिस्क म्हणजे दर वेळी पूर्ण नक्कल नव्हे, ही त्यातली खरी हुशारी. एका गटाचे क्षेत्र २ हेक्टर ४० आर आहे आणि त्यात तीन भाऊ आहेत, ९० आर, ८० आर आणि ७० आरचे. मधल्या भावाचा आकडा वाळवीने खाल्ला तरी बिघडत नाही. एकूण क्षेत्रातून इतर दोघांचे वजा केले की त्याचे ८० आर परत मिळतात. यंत्र बेरजेऐवजी सम-विषम मोजते, पण तत्त्व हेच. एकच जादा आकडा तिघांपैकी कुणाचाही हिस्सा परत आणू शकतो. मात्र दोन आकडे एकदम गेले, तर एकूण बेरीज हातात असूनही काही उपयोग नाही.

सगळा भरवसा या ‘एकदम’वर येऊन थांबतो. १९८८च्या गणितात एक गृहीतक होते: प्रत्येक डिस्क आपापल्या नशिबाने मरते, एकीच्या मरणाचा दुसरीशी संबंध नसतो. गणित मांडायला हे सोयीचे, आणि लेखकांनी ते लपवलेही नव्हते. पण एका संचातल्या डिस्का बहुधा एकाच कारखान्यातल्या, एकाच खेपेच्या. त्या एकाच विजेवर चालतात, एकाच खोलीत तापतात आणि एकाच वयाने म्हाताऱ्या होतात. एक गेली की तिची माहिती नव्याने उभी करायला उरलेल्या सगळ्या डिस्का तासन् तास वाचाव्या लागतात, आणि नेमक्या त्या ताणात दुसरी मान टाकते.

पुढे २००७ साली याच गार्थ गिब्सन यांनी बियांका श्रोडर यांच्यासोबत खऱ्या यंत्रशाळांतल्या सुमारे एक लाख डिस्कांच्या नोंदी तपासल्या. कंपन्यांच्या माहितीपत्रकांत आयुष्य दहा ते पंधरा लाख तास छापलेले असे. त्या हिशेबाने वर्षाला शंभरातली जेमतेम एक डिस्क बदलावी लागायला हवी होती. प्रत्यक्षात दोन ते चार टक्के हे सर्रास आढळले, काही ठिकाणी तेरा टक्क्यांपर्यंत. शिवाय बिघाड सुटेसुटे येत नव्हते, घोळक्याने येत होते. आपल्याच गाजलेल्या गणिताच्या पायातला दगड एकोणीस वर्षांनी स्वतः उचकटून पाहणारा संशोधक विरळा. आपल्याकडच्या किती योजनांच्या कर्त्यांनी हे केले असते, कोण जाणे.

त्याआधी, १९८५ साली, जिम ग्रे यांनी आणखी अवघड गोष्ट दाखवली होती. ते टँडेम कंपनीत होते. तिथली यंत्रे म्हणजे दुहेरीपणाचा कळस. प्रत्येक भागाला जोडीदार. तरीही ती बंद पडत. का? यंत्राच्या भागांमुळे फक्त १८ टक्के वेळा, सॉफ्टवेअरमुळे २५ टक्के, आणि माणसांच्या देखभालीतल्या व हाताळणीतल्या चुकांमुळे ४२ टक्के. लोखंड दुहेरी करता येते. आज्ञा देणारा हात एकच राहतो. त्या हाताने ‘पुसून टाक’ म्हटले की दोन्ही प्रती आज्ञाधारकपणे पुसल्या जातात, आणि चुकीचा आकडा भरला तर तिन्ही प्रतींवर तोच चुकीचा आकडा तितक्याच विश्वासूपणे उमटतो. तीन डिस्का आणि एक चूक.

हे सगळे आपल्याला परके वाटण्याचे कारण नाही. कडेगाव आज सांगली जिल्ह्यात आहे. १९४९ पर्यंत हा मुलूख सातारा जिल्ह्यात होता. त्याच सातारा जिल्ह्यातल्या कुकरूडला, आजच्या शिराळा तालुक्यात, सप्टेंबर १८७५ मध्ये गावकरी सावकाराच्या घरावर चालून गेले. त्याच वर्षीच्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातल्या सुप्यापासून हे लोण पेटले होते. इतिहास त्याला ‘दख्खनचे दंगे’ म्हणतो, पण दंग्यात सहसा जे होते ते इथे फारसे झाले नाही. जीव घेण्यापेक्षा लोकांना कागद हवे होते: खते, रोखे, हुकूमनामे. ते मिळाले की जाळायचे. निरक्षर कुणब्याला साठवणुकीचे एक सत्य चांगले कळले होते. कर्जाचा पुरावा एकाच प्रतीत होता आणि ती प्रत एकाच बाजूच्या पेटीत होती. सावकाराने त्यात शून्य वाढवले तर खोडून काढायला दुसरा कागद नव्हता. म्हणून तो एकुलता कागदच नाहीसा करायचा.

सरकारने काढलेला उपाय मला डिस्कवाल्यांच्या उपायापेक्षा खोल वाटतो. १८७९चा दख्खन शेतकरी कायदा पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या जिल्ह्यांना लागू झाला. शेतकऱ्याचे कर्जखत गावच्या नोंदणी अधिकाऱ्यासमोर व्हावे, सावकाराने पावती द्यावी, हिशेब द्यावा, मागितल्यास पासबुक द्यावे, अशा तरतुदी त्यात होत्या. म्हणजे प्रती वाढल्या, पण सावकाराच्या एका पेटीतल्या तीन झाल्या नाहीत. एक सावकाराकडे, एक सरकारात, एक कुळाकडे. तिघांचे हितसंबंध वेगळे, म्हणून तिघांनाही एकाच दिशेने खोटे बोलण्याचे कारण नव्हते. कायद्याने कर्जबाजारीपणा संपला नाही, हे आपण जाणतोच. पण प्रत कुणाकडे आहे हा प्रश्न प्रती किती या प्रश्नाच्या आधी येतो, हे त्याने ओळखले होते.

त्याहीआधीची वतनदारी व्यवस्था पाहिली तरी हेच दिसते. गावचा हिशेब कुलकर्ण्याकडे, परगण्याचा देशपांड्याकडे, वर पुण्याचे हुजूर दफ्तर. तिन्ही ठिकाणी तोच वसूल वेगळ्या तपशिलाने आणि वेगळ्या हाताने लिहिला जाई. ती व्यवस्था प्रामाणिक होती असे कुणी म्हणणार नाही. कुलकर्ण्याच्या लेखणीने किती घरे बुडवली त्याची गणती नाही. पण पेशवाई गेल्यावर इनाम कमिशनने इनामदारांच्या सनदा पुण्याच्या दफ्तराशी ताडून पाहिल्या, तेव्हा बनावट सनदा उघड्या पडल्या त्या दोन स्वतंत्र नोंदी होत्या म्हणूनच. खऱ्या इनामदारांचेही त्यात नुकसान झाले, कारण दफ्तर आता कंपनी सरकारच्या हाती होते आणि नोंद सापडत नाही एवढे म्हणणे सरकारला पुरेसे होते. दुसरी प्रत ही सत्ताही असते.

आता एकत्र मरणाच्या गोष्टीकडे वळू. ऑगस्ट २०१९ मध्ये सांगलीच्या आयर्विन पुलाजवळ कृष्णेचे पाणी ५७ फुटांवर गेले. धोक्याची पातळी ४५. भिलवडी, ब्रह्मनाळ, सांगलीचा बाजार, सगळे एकाच पाण्याखाली. सांगली नगर वाचनालयाची हजारो पुस्तके भिजली. जे पुस्तक छापलेले आहे त्याची प्रत पुण्यात मिळेल. जे एकुलते होते ते गेले. अशा वेळी मूळ सांगलीत आणि नक्कल पलूसला ठेवणे म्हणजे कागदोपत्री दोन प्रती आणि नदीच्या दृष्टीने एक. कडेगाव वर माळावर आहे, कृष्णेचा पूर तिथे पोहोचत नाही, म्हणून तिथल्या कचेरीतले रेकॉर्ड त्या आठवड्यात शाबूत होते. पण ११ डिसेंबर १९६७ला कोयनेला भूकंप झाला तेव्हा हादरा नदीचे खोरे विचारून आला नव्हता. त्याच्या हिशेबात कराड, कडेगाव आणि सांगली एकाच टोपलीत. प्रत्येक संकटाचा नकाशा वेगळा असतो, आणि प्रती ठेवताना ते नकाशे एकावर एक ठेवून पाहावे लागतात.

२१ जून २०१२ला मंत्रालयाचे वरचे मजले जळाले, पाच माणसे गेली, फायलींची राख झाली. तेव्हाचे मुख्यमंत्री पृथ्वीराज चव्हाण, कडेगावच्या शेजारच्या कराडचे, आणि शिक्षणाने अभियंता. तेही ज्या बर्कलीत पुढे ‘रेड’ जन्मले तिथलेच. पुष्कळ नस्त्या पुन्हा उभ्या कराव्या लागल्या त्या जिल्ह्यांच्या आणि खालच्या कार्यालयांतून कागद मागवून. आपण ज्याला लालफीत म्हणून शिव्या घालतो, त्या ‘प्रत माहितीसाठी रवाना’ने मंत्रालयाला हात दिला. उलट दक्षिण कोरियासारख्या संगणकात मुरलेल्या देशात सप्टेंबर २०२५ मध्ये डेजॉन शहरातल्या सरकारी डेटा सेंटरला आग लागली आणि सरकारी कर्मचाऱ्यांच्या सामाईक साठ्यातली ८५८ टेराबाइट माहिती गेली. साठा फार मोठा, म्हणून बाहेर प्रत ठेवलेली नव्हती, असे स्पष्टीकरण आले. आगीला साठ्याच्या आकाराशी काय देणेघेणे!

आग आणि पूर निदान दिसतात. डिस्क न बोलताही चुकते. विस्कॉन्सिनच्या लक्ष्मी बैरवसुंदरम यांनी सहकाऱ्यांसह २००८ साली पंधरा लाखांहून अधिक डिस्कांची ४१ महिन्यांची नोंद तपासली, तेव्हा माहिती मुकाट्याने बदलल्याच्या चार लाखांहून अधिक घटना मिळाल्या. डिस्क चालू आहे, तक्रार नाही, फक्त वाचलेले आणि लिहिलेले जुळत नाही. यावर इलाज एकच: कुणी मागितली नाही तरी अधूनमधून सगळी माहिती वाचत राहायची आणि पडताळत राहायची. न वाचलेली प्रत ही प्रत असल्याची नुसती समजूत असते.

महाराष्ट्राने हे मोठ्या प्रमाणावर करून पाहिले आहे, फक्त त्याला कुणी संगणकशास्त्र म्हटले नाही. हस्तलिखित सातबारा संगणकावर चढवताना असंख्य फरक पडले. कुठे आणेवारीचा हिस्सा चुकला, कुठे बोजा उतरला, कुठे कुणाचे नाव गळाले. मग ‘एडिट’ आणि ‘री-एडिट’ या नावांच्या आज्ञावली आल्या. गटाचे एकूण क्षेत्र आणि खातेदारांच्या क्षेत्रांची बेरीज जुळते का, हे यंत्र तपासू लागले. वरच्या तीन भावांचेच गणित. आणि २०१७ साली चावडी वाचन झाले. गावात लोकांसमोर उतारे वाचून दाखवायचे, हरकती घ्यायच्या. मला ही गेल्या पंचवीस वर्षांतली महसूल खात्याची सर्वांत शहाणी कल्पना वाटते. यंत्राची बेरीज फार तर सांगेल की ९०, ८० आणि ६० मिळून २४० होत नाहीत. चूक कुणाच्या आकड्यात आहे हे ती सांगत नाही. आणि दोन भावांचे आकडे आपसांत बदलले गेले, तर बेरीज बरोबर येते आणि यंत्र खूश होते. ते पकडायला चावडीवर बसलेला भाऊच लागतो. भाऊबंदकीइतका दक्ष तपासनीस कुठल्याही डेटा सेंटरने अजून नेमलेला नाही.

इथे एक रास्त आक्षेप आहे. दोन नोंदी म्हणजे दोन सत्ये, आणि दोन सत्ये म्हणजे दावा. सातबारा एक सांगतो, भूमी अभिलेखचा आकारबंद दुसरे, दुय्यम निबंधकाकडचे खरेदीखत तिसरे. शेतकरी तीन कचेऱ्यांत फिरतो आणि फिरण्यातच म्हातारा होतो. त्यापेक्षा सगळे एकत्र करून एकच अधिकृत नोंद ठेवावी, असे म्हणणारे अधिकारी आणि सल्लागार वाईट हेतूने बोलत नाहीत. जमीन महसूल संहितेचे कलम १५७ तर अधिकार अभिलेखातली नोंद उलट सिद्ध होईपर्यंत खरी धरायला सांगते. मग उलट सिद्ध करणारे कागद कशाला जपायचे?

नेमके त्यासाठीच. संहिता ‘उलट सिद्ध होईपर्यंत’ म्हणते, तेव्हा ती दुसरी नोंद कुठेतरी जिवंत आहे हे गृहीत धरते. तफावत दिसते म्हणून आपल्याला चूक झाल्याचे कळते. सगळे एका नोंदीत विरघळवले की तफावत संपेल, पण चूक संपणार नाही. फक्त ती दाखवणारे काही उरणार नाही. लेखनप्रमाद दुरुस्तीच्या कलम १५५चा वापर करून नको त्या दुरुस्त्या झाल्याच्या तक्रारी आपण ऐकतो. त्या पकडल्या जातात त्या जुन्या हस्तलिखिताशी ताडल्यावर. हस्तलिखित नसते तर तिन्ही सर्व्हरांनी एकमुखाने साक्ष दिली असती. शेतकऱ्याचे हेलपाटे कमी करायचे असतील तर तीन कचेऱ्यांनी आपापसांतली तफावत त्याच्या आधी शोधावी. तीन कचेऱ्यांची एक करणे हा त्यावरचा इलाज नव्हे.

अलीकडचे उदाहरण सगळ्यांच्या पाहण्यातले आहे. सप्टेंबर २०२३ मध्ये निवृत्त न्यायमूर्ती संदीप शिंदे यांची समिती नेमली गेली आणि पुढे राज्यभर कुणबी नोंदींचा शोध सुरू झाला. आरक्षणाच्या वादात मी इथे शिरत नाही. मला त्या शोधाची पद्धत महत्त्वाची वाटते. नोंद कुठे कुठे शोधली? खासरा पत्रकात, कोतवालाच्या जन्म-मृत्यूच्या बुकात, शाळेच्या जनरल रजिस्टरात, निबंधकाच्या दस्तांत, तुरुंगाच्या नोंदवहीतसुद्धा. जातीची प्रत सांभाळावी म्हणून यातले काहीच लिहिले गेले नव्हते. मास्तरांना मुलगा दाखल करायचा होता, कोतवालाला मयत नोंदवायची होती. हेतू वेगळे, हात वेगळे, कचेऱ्या वेगळ्या. म्हणून एका ठिकाणचे वाळवीने खाल्ले तरी दुसरीकडचे उरले, आणि मोडी वाचणाऱ्यांना एकाएकी मागणी आली. एखाद्या शिस्तीच्या अधिकाऱ्याने पन्नास वर्षांपूर्वी ‘हीच माहिती दुसरीकडे आहे’ म्हणून ही बुके रद्दीत घातली असती, तर त्याला तेव्हा काटकसरीबद्दल शाबासकीच मिळाली असती.

काटकसरीचा मुद्दा खोटा नाही. साठवणूक फुकट नसते. गुगलने २००३ साली जाहीर केलेली रचना प्रत्येक तुकड्याच्या तीन प्रती ठेवी, म्हणजे तिप्पट जागा. त्यानंतरचे बरेचसे संशोधन हा खर्च कमी करण्यातच गेले. मायक्रोसॉफ्टने २०१२ साली दाखवले की माहितीचे बारा तुकडे आणि हिशेबाने काढलेले चार जादा तुकडे ठेवले, तर सव्वापटीपेक्षा थोड्या जास्त जागेत काम भागते. हरवलेला तुकडा कमीत कमी वाचनात कसा परत मिळवायचा, यावर बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेत पी. विजय कुमार यांच्या गटाने मोलाचे काम केले आहे. पण या सगळ्या किफायतीला एक अट आहे: ते सोळा तुकडे वेगवेगळ्या कपाटांत, वेगवेगळ्या विजेवर ठेवायचे. जागा वाचवता येते ती वेगळेपणा राखला तरच. आपली कचेरी मात्र उलटे करते. वेगळेपणा मोडते आणि वाचलेल्या पैशात एकाच गोष्टीच्या आणखी नकला काढते.

म्हणून तहसील कचेऱ्यांच्या रेकॉर्ड रूममधल्या कागदांबद्दल माझे मत स्पष्ट आहे. जुने फेरफार आणि खासरा पत्रके स्कॅन होत आहेत, हे चांगले. पण स्कॅन झाले म्हणजे गठ्ठे हलवायला, एकत्र करायला किंवा निकाली काढायला मोकळीक मिळाली असे कुणी समजू नये. कडेगावचे कागद कडेगावातच राहावेत, त्यांची प्रतिमा पुण्यात असावी आणि दुसरी कृष्णा-कोयनेच्या आणि कोयनेच्या हादऱ्याच्याही पलीकडे. आकारबंद भूमी अभिलेखच्या, सातबारा महसूलच्या आणि दस्त निबंधकाच्या ताब्यात वेगळेच असू द्यावेत. दर वर्षी या तिघांतल्या तफावतींची गावनिहाय यादी निघावी आणि ती पोर्टलवर टाकून न थांबता चावडीवर वाचली जावी. आणि खातेदाराने पंधरा रुपयांचा तो उतारा दर दोन-चार वर्षांनी काढून, तारखेसह छापून, घरच्या ट्रंकेत टाकावा. सरकारच्या सगळ्या प्रतींपेक्षा हीच एक प्रत अशी आहे की जी कुठल्याही सर्व्हरवरून दिलेल्या एका आज्ञेने बदलत नाही.